हक्काची शिवी

अगाता आजी खड्ड्यात उतरली आणि चक्क आडवी झाली. शवपेटी खाली सोडणारे हात वरच थांबले.

"नाही पुरू देणार! हा कास्यान जन्मभर फुकटची दारू ढोसत आला. आता जमीनही फुकट पाहिजे होय रे, कोंबडीचोरा?"

कास्यानची बायको रडता रडता फिसकन हसली.

आजी हेहे जमातीची, कास्यान न्गोनी जमातीचा. दोन्ही जमाती एकेकाळी एकमेकींच्या जिवावर उठल्या होत्या. लढाया संपल्या, शिव्या तेवढ्या उरल्या आणि त्यांचंच नातं झालं. मयताला हसत निरोप द्यायचा मान या नात्याचा. दुसऱ्या कोणी तोंड उघडलं तर तो मयताचा अपमान.

बिशप गालुस प्रार्थनेचं पुस्तक धरून काठावर उभे होते आणि जळत होते. हो, मेलेल्या माणसावर! कास्यान त्यांचाच धर्मशिक्षक, चौतीस वर्षांचा सोबती. त्याच्यासाठी आज अख्खा डोंगर हसत होता, रडत होता. बिशपांनी याच लोकांचे बाप्तिस्मे केले, लग्नं लावली, तापात उशाशी बसले. वाट्याला काय आलं? टेकलेले गुडघे आणि अंगठीचं चुंबन. पुढच्या महिन्यात ते निवृत्त होऊन स्वित्झर्लंडला परतणार होते. वृद्धाश्रमात खोली तयार होती. तिथे मेले तर चार माणसं शिस्तीत भजनं म्हणतील आणि जेवायच्या वेळेला घरी जातील.

खाली आजीने कास्यानच्या वाकड्या पायांवरून काहीतरी म्हटलं. पुन्हा हशा उसळला. बिशपांना राहवेना.

"याने माझी केळी खाल्ली!" ते ओरडले. "आणि आळ घातला माकडांवर! लबाड कोल्हा!"

हसू जागच्या जागी विरलं. कास्यानच्या थोरल्याने फावडं घट्ट धरलं. आजी धडपडत वर आली.

"बाबा, हा हक्क तुम्हाला कोणी दिला?"

"कोणीच नाही." बिशपांनी पुस्तक मिटलं. "चौतीस वर्षांत मला साधं गाढवसुद्धा कोणी म्हणालं नाही, आजी."

 आजीने हात उंचावून त्यांची उंच टोपी काढली आणि स्वतःच्या मातीने भरलेल्या डोक्यावर चढवली.

"गाढव? अरे, गाढव निदान ओझं तरी वाहतं! आणि ऐक, टकल्या, त्या तुझ्या बर्फात जाऊन मेलास तर याद राख. तिथे तुझ्या खड्ड्यात लोळायला कोण येणार, तुझा बाप?"