अर्धा तास

“उठू नकोस, अजून बावीस मिनिटं आहेत!” घड्याळ धरून नवरा गरजला. कुमुदताईंचं डोकं फिरलं. ठिसूळ हाडांसाठीची ही रविवारची गोळी! उपाशीपोटी साध्या पाण्याबरोबर गिळायची, मग अर्धा तास नुसतं खुर्चीत ताठ बसायचं.

“अहो, दूध उतू जातंय!”

“मी बघतो. तू हलायचं नाही.”

आत भांडी आदळली. “साखर कुठे असते गं?” चाळीस वर्षं या घरात चहा पिणारा माणूस विचारत होता! अर्धा तास संपल्यावर कप हातात आला. चहा पाणचट होता, पण आयता.

तपासणीला गेल्यावर कुमुदताईंनी गाऱ्हाणं मांडलं. डॉक्टर हसल्या. “खायचं नाही, आडवं व्हायचं नाही, एवढंच! बाकी खुशाल हिंडा, कामं करा.”

बाहेर बसलेल्या नवऱ्याकडे बघत कुमुदताई हळूच म्हणाल्या, “हे यांना मात्र सांगू नका.”