दोन ठोके

“झुलाल, थांबू नको. तार तुटनी.”

पंचावन्न वर्षं झाली, तरी धरणगावच्या या मारुतीपुढे आलं की झुलालच्या कानात तोतारामचा तो आवाज उठतोच. आज तर तोताराम सुरतेहून भाचीच्या पोरीच्या लग्नाला आलेला. पारावर त्याच्या शेजारीच बसला होता, टोपी मांडीवर ठेवून.

“दात कितला राहिनात रे तुना?” तोतारामने विचारलं.

“चार.”

“मना तीन. तू आजून तरना शे.”

झुलाल हसला, पण नजर देवळाच्या दाराकडेच होती. नवरदेव मारुतीच्या पाया पडायला आत गेला होता. तो बाहेर आला की बँड ‘रेल्वेवाली’ ही चाल वाजवणार. आणि वाजवण्याआधी चाल कोणाची ते माइकवर सांगणार. तशी बँडवाल्यांची रीतच.

भुसावळच्या रेल्वे क्लबात साहेबलोक नाचायचे, तेव्हा इंजिन पुसणारा तोताराम खिडकीखाली उभा राहायचा. रॉकनरोल त्याने कानांनी उचलला, एका ड्रायव्हरच्या टाकून दिलेल्या गिटारीवर बसवला आणि लग्नाच्या बँडात आणला. रुळांवर चाकं धावावीत तशी चाल. याच पारासमोर ती पहिल्यांदा वाजली आणि अर्ध्यात तार तुटली. खड्डा बुजवायला झुलालने ढोलावर दोन ठोके टाकले. लोकांना वाटलं, चालच तशी आहे. आज जळगावपासून साक्रीपर्यंत सगळे बँड नेमके तिथेच थांबतात, दोन ठोके देतात. कुणाचीच तार तुटत नाही, तरी.

पुढल्या वर्षी तोताराम सुरतेच्या गिरणीत गेला. बँडमालकाने विचारलं, चालीला नाव कोणाचं घ्यायचं? झुलालने स्वतःचं सांगितलं. मग हार आले, नारळ आले. नातवंडंसुद्धा ‘झुलाल मास्तरची’ म्हणून ओळखली जाऊ लागली.

नवरदेव बाहेर आला. बँडचा स्वप्नील, जरीचा कोट, गळ्यात गिटार, गर्दीतून वाट काढत पाराशी आला.

“नाना, तुम्ही समोर बसलेले, आन् तुमचं नाव मी घेऊ? आज तुम्हीच सांगा.”

माइक हातात आला. झुलालने शेजारी पाहिलं. तोताराम देवळाच्या घंटेकडे बघत होता, जणू ती पहिल्यांदाच दिसत होती.

“घे ना तुनं नाव,” तो हळूच म्हणाला. “लोके थांबेल शेतस.”

“तुले ठाऊक व्हतं?”

“सुरतमा बी आपला लोके लगीन करतस, झुलाल. बँड बी आपलाच लावतस.”

झुलाल उभा राहिला. समोर सून होती, नातवंडं होती, सगळा गाव होता. त्याने बोटाने माइकवर टकटक केलं, दोनदा. गर्दीला तेवढंच पुरलं. हसत हसत सगळ्यांनी मातीत दोनदा पाय आपटले, धूळ उठली आणि पुढचं ऐकायला सगळे गप्प झाले.

“चाल तोतारामनी शे,” झुलाल म्हणाला. “आठेच बठेल शे तो. इतला वरीस मी खोटं बोलनू. मना फक्त दोन ठोका.”