शेल्याचे वेढे

स्पेनमधल्या तारागोनाच्या चौकात मी काळ्या शेल्याचं टोक ताणून उभी होते आणि माझी लेक केराल्त दुसरं टोक कमरेला लावून, डोळे मिटून, संथ गिरक्या घेत माझ्याकडे येत होती. दर गिरकीला कमरेभोवती एक वेढा. हे संपूच नये असं मला वाटतं, कारण शेला बांधून झाला की ती माणसांच्या मनोऱ्यावर चढते. तिच्या बरोबरीच्या मुली अंगाने भरल्या तशा खालच्या थरांत गेल्या. तेराव्या वर्षीही ही मात्र सगळ्यात वर.

"आज तरी वर बघशील ना, आई?"

"तू खाली आलीस की बघेन."

"भित्री भागूबाई."

गेल्या वर्षी सात गिरक्यांत ती माझ्यापाशी पोचायची. आज सात झाल्या, आठ झाल्या. शेला तोच होता. दहाव्या गिरकीला ती मिठीत आली, तेव्हा सदऱ्यातून तिच्या पाठीचे मणके माझ्या बोटांना लागले.

"सकाळपासून काय खाल्लंस?"

"उतरल्यावर खाईन. टोक खोच ना, मनोरा चढायची सनई सुरू झाली."

मी टोक खोचलं नाही. माझ्या हाताला गुंडाळून घेतलं.