पाच शेवट

"पाचही शेवट फुटलेत." अन्सेल्मोने वर्तमानपत्र टेबलावर टाकलं. तो वाहिनीचा प्रमुख होता. "पाचव्याचं तर अजून चित्रणही झालेलं नाही."

"मग कुठला खरा, हे कुणाला कळतंय?" झुलेकाबाईंनी कॉफीचा घोट घेतला.

सात महिन्यांपूर्वी, मालिकेच्या पहिल्याच भागात, साखर कारखान्याचा मालक विषारी कॉफी पिऊन मेला होता. संशयित पाच: जावई, भागीदार, वकील, विधवा आणि पुतणी. रिवाजाप्रमाणे पाच वेगळे शेवट लिहिले होते. कुठला दाखवायचा, ते फक्त दिग्दर्शिकेला, म्हणजे झुलेकाबाईंना ठाऊक.

"पाचही वाचून झाल्यावर शुक्रवारी टीव्ही लावणार कोण?" अन्सेल्मो म्हणाला. "बाई, तुमच्या बत्तीस मालिका झाल्या. वय एकाहत्तर. ही पडली तर पुढची एखाद्या तरुणाकडे जाईल. स्पष्टच सांगतो."

"सांगितलंस ना? आता कॉफी घे. निवतेय."

तो न घेताच गेला.

ट्रे धरून उभी असलेली इदालिना म्हणाली, "मी नाही हं फोडलं."

"तुला फोडायचंच असतं, तर तेव्हाच माझं डोकं फोडलं असतंस."

चाळीस वर्षांपूर्वी दोघी एकाच फिरत्या नाटकमंडळीत होत्या. झुलेकाबाई बसवत असलेल्या नाटकात इदालिनाला पहिल्यांदाच मुख्य भूमिका मिळाली होती. प्रयोगाला तीन दिवस उरले असताना झुलेकाबाईंना टीव्हीत काम मिळालं आणि त्या निघून गेल्या. मंडळी बुडाली. एकीच्या हाती कॅमेरा आला, दुसरीच्या हाती किटली.

"चल, एप्रन बांध. उजेड बघायचाय."

नटांना ताटकळत ठेवायचं नाही म्हणून उजेड जमवताना सेटवर इदालिनाच उभी राही. दृश्यात मागून ट्रे नेणारी मोलकरीण हवी असली, की तीच निळा एप्रन बांधून जाई. संवाद एकही नाही.

"कॉफी ओत," झुलेकाबाई म्हणाल्या. "आता बाटलीतलं चमचाभर घाल. हात कुठे येतो ते बघू दे. ढवळ. आता वर बघ."

"कुणाकडे?"

"मी निघाले त्या दिवशी माझ्याकडे बघितलं होतंस ना, तसं."

इदालिनाने बघितलं.

कॅमेरामनने भिंगावरचा डोळा काढला नाही.

"झाला उजेड," झुलेकाबाई म्हणाल्या. "जा, पाय मोकळे कर."

शुक्रवारी, शेवटच्या भागाच्या वेळी, मादुरेरा उपनगराचे रस्ते ओस पडले होते. इदालिनाच्या घराखालच्या बारमध्ये मात्र पाय ठेवायला जागा नव्हती. मालक वाल्दिरभाऊंनी फळ्यावर खडूने पाच नावं लिहिली होती. पैज बियरच्या एका क्रेटची.

"ताई, तुम्ही रोज तिथंच असता. नाव तेवढं सांगा की."

"मी नुसती उजेडात उभी असते."

"आज तरी तुमचं तोंड दिसणार का? सात महिने पाठच बघतोय."

"पाठ बरी आहे माझी," ती म्हणाली. तिने पुतणीवर पैज लावली आणि सवयीने सगळ्यांना कॉफी ओतून दिली.

पडद्यावर पोलिसाने जावयाला सोडलं. मग भागीदाराला, मग वकिलाला. प्रत्येक नावावर काट मारताना वाल्दिरभाऊंचा खडू करकरत होता. विधवाही सुटली. बारमधले निम्मे लोक पुतणीच्या नावाने टाळ्या पिटू लागले.

पोलिसाने पुतणीलाही घरी जायला सांगितलं.

टाळ्या थांबल्या. इदालिनाला धाकधूक वाटू लागली. म्हातारी चुकली की काय? अन्सेल्मो तर टपूनच बसला होता.

मग पडद्यावर पहिल्या भागातलं स्वयंपाकघर आलं. एक कप. एक बाटली. चमचा धरलेला एक सुरकुतलेला हात, निळा एप्रन. हात ढवळायचा थांबला आणि त्या बाईने मान वर करून सगळ्या ब्राझीलकडे बघितलं.

वाल्दिरभाऊंनी ओठांशी नेलेला कप हळूच खाली ठेवला.