अजरामर शब्द

"पंचवीस वर्षं झाली अल्बमला, पण लोक अजून माझ्या शब्दांसाठी येतात," पडद्याआडून भरलेलं नाट्यगृह बघत रॅपर हणमंतनं ड्रमवाल्या शिवाप्पाला ऐकवलं. "तुमच्या वाजंत्रीला कोण कुत्रं विचारतंय?"

"व्हय मालक," शिवाप्पा म्हणाला.

लग्नाच्या बँडवर रॅप गायलेला तो अल्बम इचलकरंजीत एका दमात रेकॉर्ड झाला होता. ऐन रंगात शिवाप्पा ओरडला होता, "चहा आला!" ते काही पुसता आलं नव्हतं, गाण्यात तसंच राहिलं होतं.

आज ती जागा आली तशी हणमंतनं तिथं मुद्दाम नवी ओळ कोंबली. मागून एका बाईनं विचारलं, "अहो, चहा कुठाय?" मग सगळ्यांनीच टाळ्यांचा ठेका धरला, "चहा! चहा!"

हणमंतनं आणखी एक कडवं रेटून बघितलं. कुणी ऐकेना. शेवटी मान खाली घालून तो माइकमध्ये पुटपुटला, "चहा आला."

लोकांनी थिएटर डोक्यावर घेतलं. हणमंतला भरून आलं.

मालकच बोलला म्हणजे खरंच आला असणार, म्हणून अख्खा बँड वाद्यं ठेवून विंगेत गेला. हणमंत पोचेपर्यंत किटली रिकामी झाली होती.