चौदाव्या प्रसंगातला माणूस

"बसा म्हणलं की बसायचं, बाई. चेअरमनसाहेबांची मीटिंग चालूय," शिपाई बब्रुवान तिसऱ्यांदा म्हणाला.

मालनबाई सकाळपासून कारखान्याच्या ऑफिसबाहेरच्या बाकावर बसूनच होत्या. शेजारी त्यांची मुलगी निलावती, मांडीवर पटकथेची फाइल. मागणी एवढीच होती की, लोहाऱ्याजवळच्या पाझर तलावात आठ दिवस शूटिंग करू द्यावं. त्र्याहत्तरच्या दुष्काळात तो तलाव खणताना मालनबाईंनी मातीच्या पाट्या वाहिल्या होत्या. तेरा वर्षांनी तो पुन्हा कोरडा पडला होता, आणि जमीन आता साखर कारखान्याकडे होती.

पाऊस आला की तलाव भरणार. मालनबाईंच्या पुढच्या उन्हाळ्याबद्दल बोलायचं मुंबईच्या डॉक्टरांनी टाळलं होतं.

मुंबईत मालनबाई सकाळच्या खेळांच्या 'तसल्या' सिनेमांत डुप्लिकेट होत्या. नटी कपडे उतरवायला तयार नसली की कॅमेऱ्याकडे पाठ करून त्या उभ्या राहायच्या. चेहरा कधी दिसला नाही, नाव कधी लागलं नाही. पुढं त्या संवाद सुचवू लागल्या, मग लिहू लागल्या. आता साठवलेल्या पैशांतून स्वतःचा पहिला सिनेमा काढत होत्या.

त्यांच्या पाठीवर, डाव्या खांद्याखाली, भाजल्याचा एक अर्धा चंद्र होता. मेकअपवाला तो झाकायला आला की त्या त्याचा हात बाजूला सारायच्या. "राहू दे. दिसू दे." सगळ्या वर्षांत हट्ट असा हा एकच. निलावतीनं एकदा विचारलं, तेव्हा म्हणाल्या, "भाजलं, गाव सोडायच्या आदल्या सांजच्याला." त्याच दुष्काळात, जखम ओली असतानाच, त्यांनी नऊ वर्षांच्या निलावतीचा हात धरून पहिली एसटी गाठली होती. गावात ती जखम कुणी पाहिलीच नव्हती. नवरा तर आधीच गेलेला.

पटकथेची स्वच्छ प्रत निलावतीनं काढली होती. चौदाव्या प्रसंगात तेवढी एका माणसाच्या नावाची जागा मोकळी होती.

"आई, ह्याचं काय लिहू?"

"त्याचं तोंड दिसलं न्हाय. राहू दे मोकळं."

दुपारी आत बोलावणं आलं. आण्णासाहेब तेव्हा तलावाच्या कामावर मुकादम होते, आता चेअरमन. समोर शेतकी अधिकारी उत्तरेश्वर चहा बशीत ओतत होते. मालनबाईंना कुणी बसा म्हटलं नाही.

"मालन, इथं लेकीसुनांचं गाव हाय. तुझा सिनेमा इथं न्हाय व्हायचा."

"साहेब, त्यात तसलं काही न्हाय. दुष्काळाची गोष्ट हाय. एक डाव वाचून तरी बघा."

"वाचायचं कशाला? लई बघितलेत की तुझे पिक्चर, सोलापुरात."

उत्तरेश्वर बशीत फुंकर मारता मारता हसले.

"पाया पडते, साहेब. आठच दिवस. माझ्याकडं दुसरा उन्हाळा न्हाय."

"न्हाय म्हणजे न्हाय."

निलावतीनं आईचा दंड धरला. मालनबाई हलल्या नाहीत.

"साहेब, माझं तोंड तर एकाबी पिक्चरात न्हाय. मला वळखलं कसं?"

"तोंड कशाला लागतंय?" आण्णासाहेबांनी उत्तरेश्वरांकडं बघून डोळा मिचकावला. "पाठीवर ती खूण न्हाय का, कंदिलाच्या काचेची? बघितली अन् म्हणलं, ही तर आपली मालन!"

उत्तरेश्वरांना ठसका लागला. बब्रुवानानं दार उघडून धरलं.

मालनबाई बाहेर येऊन त्याच बाकावर बसल्या. परवानगीचा अर्ज त्यांनी घडी करून पिशवीत टाकला.

"चौदावा प्रसंग काढ, निलू."

निलावतीनं पान काढलं. तिच्याच अक्षरात लिहिलं होतं: सांजवेळ. मुकादमाचं पाल. बाई पाटी परत द्यायला आली आहे. मागून येणारा माणूस, हातात पेटता कंदील. नाव –

"लिही," मालनबाई म्हणाल्या. "आण्णासाहेब."