दोन पायांचा टेकू
“पोरी, बंदूक खडकावर टेकवायची नाही, उसळते. आणि जखमी जनावर डोंगरात टाकून घरी यायचं नाही. शब्द दे.” बापाला दिलेला शब्द शिकाऱ्यांना डोंगर दाखवताना नायरीने तीस वर्षं पाळला होता. आज ऑकलंडचा पाहुणा नव्याकोऱ्या रायफलीला दोन पायांचा टेकू आवळत होता, नवरीला पैंजण घालावेत तसा. “खडकावर नको, माझ्या पिशवीवर टेकवा.” “मावशी, मग महागाचा टेकू काय मिरवायला घेतलाय?” बार झाला, टेकूचे पाय खडकावर उसळले, आणि पोटात गोळी घेऊन हरीण दरीत उतरलं. “वाऱ्याने घात केला,” पाहुणा ऐसपैस बसत म्हणाला. गवताचं पातंही हलत नव्हतं. “मरेल ते आपोआप. चहा काढा.” नायरीने टेकू सोडवून त्याच्या मांडीवर ठेवला. “असू द्या, उठताना लागेल.” रायफल खांद्याला अडकवून ती रक्ताच्या थेंबांमागे निघाली.